अभिनय सोडून दिग्दर्शन? आमची भाची, अपर्णा सेन आणि 'पात्र : आई'

पूर्वभागवाला :

मंडळी, धागा थोडा घरगुती आहे, सांभाळून घ्या.

माझी भाची इथंच सोलापुरात कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आहे. तीन वर्षं एकांकिका करते. रड म्हटलं की खरंच रडते, त्यामुळं तिला कामाला तोटा नाही. गेल्या महिन्यात तालमीला नवी संहिता हातात आली. पहिल्या पानावर पात्रांची यादी: सुधाकर, विनायक, इन्स्पेक्टर, आई. हिनं विचारलं, "आईचं नाव काय?" बसवणारे म्हणाले, "आईला नाव कशाला लागतंय? तू तिसऱ्या प्रवेशाला रड, बास." पोरीनं पेन्सिलीनं 'आई'च्या पुढं 'कुसुम' लिहिलं. त्यावरून वाजायचं ते वाजलं. आता म्हणते, मला काम करायचं नाही, मला लिहायचंय आणि बसवायचंय.

दाजींचं म्हणणं, "अंगात कला आहे तर लोकांना दिसू दे की. अंधारात उभं राहून दुसऱ्याला हातवारे करायला काय लागतंय? आणि बाईचं ऐकणार कोण?" मी मामा. दोन्हीकडून माझाच कान धरतात.

दाजींशी तोंडानं वाद घालून उपयोग नाही, त्यांना दाखला लागतो. म्हणून शोधत बसलो आणि अपर्णा सेन यांच्यापाशी येऊन थांबलो. मला आधी त्यांचा 'मिस्टर अँड मिसेस अय्यर' तेवढा माहीत होता. आता पंधरा दिवसांत मिळतील तेवढे पाहिले. १९६१ साली सत्यजित राय यांच्या 'तीन कन्या'मधून पडद्यावर आल्या. पुढं वीस वर्षं बंगालीत नायिका. राय, मृणाल सेन यांच्याकडंही काम केलं आणि गाणीबजावणीवाल्या धंदेवाईक सिनेमातही. उत्तमकुमार, सौमित्र चटर्जी समोर. म्हणजे नाव होतं, पैसा होता, टाळ्या होत्या. आणि १९८१ साली पहिला सिनेमा लिहून दिग्दर्शित केला, '३६ चौरंगी लेन'. तोही इंग्रजीत, आणि नायिका कोण, तर कलकत्त्यात एकटी राहणारी म्हातारी अँग्लो-इंडियन शिक्षिका. पहिल्याच सिनेमाला दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार.

माझा प्रश्न एवढाच. वीस वर्षं कॅमेऱ्यासमोर काढल्याचा कॅमेऱ्यामागं नक्की काय उपयोग होतो? दाजींना पटेल असं सांगा.

नवीपेठ_नाका :

दाजींना आधी कडक भाकरी आणि शेंगा चटणी द्या, मग सिनेमा दाखवा. रिकाम्या पोटी सोलापूरकर कुणाचं ऐकत नाही बे.

रिळवाला :

चांगला धागा. थोडी भर घालतो.

'तीन कन्या' म्हणजे टागोरांच्या तीन कथा. त्यातली 'समाप्ती' अपर्णा सेन यांची. तेव्हाचं आडनाव दासगुप्ता, वय पंधराच्या आसपास. मृण्मयी नावाची दांडगट पोरगी. गावात तिला पागली म्हणतात. पाळलेली खार आहे, तिचं नाव चर्की. लग्नाच्या रात्री ही बया नवऱ्याला खोलीत सोडून खिडकीतून झाडावर उतरते आणि नदीकाठच्या झोपाळ्यावर जाऊन बसते. तो झोपाळा एकदा बघाच.

आता दुसरी गोष्ट, जी मला जास्त महत्त्वाची वाटते. त्याच सुमारास ब्रायन ब्रेक नावाचा न्यूझीलंडचा छायाचित्रकार भारतातल्या पावसावर फोटो काढत होता. पावसात चेहरा वर करून डोळे मिटलेली, नाकात हिरवी चमकी असलेली खेड्यातली मुलगी, हा जगभर गाजलेला फोटो. 'लाइफ' मासिकात आला १९६१ मध्ये. ती मुलगी म्हणजे अपर्णा. पाऊस नव्हताच. गच्चीवर झारीनं पाणी ओतलं होतं. नाक टोचलेलं नव्हतं, चमकी डिंकानं चिकटवलेली. ही म्हणाली, साडी लाल आहे तर चमकीपण लाल लावते, तर तो नको म्हणाला, हिरवीच. अर्ध्या तासात काम झालं. हे सगळं त्यांनीच नंतर सांगितलंय.

म्हणजे कलकत्त्यातली शिकलेली मुलगी, आणि जगानं पाहिली ती पावसात भिजणारी खेडवळ पोर. फोटोत कुणाला काय करून ठेवता येतं हे त्या वयात स्वतःच्या नाकावर अनुभवलं बाईंनी. तुमच्या दाजींना एवढं सांगा.

सातरस्ता :

सगळं बरोबर आहे, पण एक गोष्ट झाकून ठेवू नका. वडील चिदानंद दासगुप्ता. सिनेमाचे मोठे समीक्षक, सत्यजित राय यांच्यासोबत १९४७ साली कलकत्ता फिल्म सोसायटी काढणाऱ्यांपैकी. घरात जगभरच्या सिनेमाच्या गप्पा. प्रेसिडेन्सी कॉलेजात इंग्रजी. पहिली पटकथा दाखवायला घरातलाच माणूस म्हणावा असे सत्यजित राय! त्यांनी वाचून सांगितलं, शशी कपूरकडं जा, आणि शशी कपूरनं पैसे घातले. अक्कलकोट रोडला यंत्रमागाच्या खडखडाटात वाढलेल्या पोरीला हा दाखला काय कामाचा? आमच्याकडं पटकथा वाचायला द्यायची तर कुणाला, झेरॉक्सवाल्याला?

मी उपहासानं म्हणत नाही. मी स्वतः दोन एकांकिका लिहून ट्रंकेत ठेवल्यात.

चाटीगल्ली :

'३६ चौरंगी लेन' शशी कपूरनंच दिग्दर्शित केलाय ना? पोस्टरवर त्याचं नाव बघितल्यासारखं वाटतंय.

रिळवाला :

नाही हो. शशी कपूर निर्माते. त्यांची बायको जेनिफर केंडल ही त्यातली शिक्षिका, व्हायोलेट स्टोनहॅम. तिचा वृद्धाश्रमातला भाऊ एडी म्हणजे जेनिफरचे खरे वडील जेफ्री केंडल. कॅमेरा अशोक मेहता, संगीत वनराज भाटिया. लेखन, दिग्दर्शन अपर्णा सेन. स्वतः पडद्यावर काम केलेलं नाही. नटी दिग्दर्शक झाली की पहिली मोठी भूमिका स्वतःला घेते, हा लोकांचा अंदाज बाईंनी तिथंच खोटा पाडला.

सातरस्ता, तुमचा मुद्दा खरा आहे. पण मग हिशेब पुरा करा. एवढं घर, एवढी ओळख, तरी 'समाप्ती' ते 'चौरंगी' मध्ये वीस वर्षं गेली. ओळखीनं दार उघडलं, पटकथा ओळखीनं लिहून होत नाही.

होटगीरोड_विमला :

मी शिक्षिका होते, तीस वर्षं. हा सिनेमा मी १९८० च्या दशकात पुण्यात पाहिला होता, तेव्हा एवढा लागला नाही. निवृत्तीनंतर परत पाहिला.

व्हायोलेट शेक्सपिअर शिकवते. नवी मुख्याध्यापिका येते, शेक्सपिअर काढून घेते आणि हिला व्याकरण देते. कुणी ओरडत नाही, अपमान करत नाही. वेळापत्रक बदलतं, बस्स. माझ्याही बाबतीत झालंय. कविता काढून घेऊन मला निबंध-पत्रलेखन दिलं होतं, तेही 'तुम्हाला आता दगदग नको' म्हणून. त्या दिवशी मी स्टाफरूमला डबा उघडला नाही.

मग जुनी विद्यार्थिनी भेटते, तिचा मित्र लेखक. दोघांना एकांत हवा असतो. बाई दिवसभर शाळेत, घर रिकामं. 'लिहायला जागा हवी' असं सांगून ते किल्ली घेतात. बाईंना वाटतं, आपल्याला माणसं मिळाली. लग्न झाल्यावर दोघांना तिच्या घराची गरज उरत नाही. नाताळला ती केक घेऊन त्यांच्या दाराशी जाते. ते गावाला जाणार आहेत असं तिला सांगितलेलं असतं. आत पार्टी चाललेली. ती खिडकीतून बघते आणि परत फिरते. रस्त्यावर एक कुत्रा मागं लागतो, त्याला ती शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'मधल्या ओळी म्हणून दाखवते.

खलनायक कुणीच नाही. ती दोघंही वाईट नाहीत, त्यांना तिची आठवण राहात नाही इतकंच. हे लिहायला धीर लागतो. आपल्याकडच्या लेखकानं निदान एक थोबाडीत तरी घातली असती.

नवीपेठ_नाका :

विमलाताई, शेवट सांगून टाकलात की ओ! मी आज रात्री बघणार होतो.

होटगीरोड_विमला :

बघा तरीही. सांगितल्यानं कमी होणारा सिनेमा नाही तो.

पेंटर_भैय्या :

मामा, तुमच्या भाचीच्या 'आईचं नाव काय' वरून मला 'परोमा' आठवला. १९८० च्या दशकातलाच, हिंदीतही केला होता. राखी आहे. एकत्र कुटुंबातली सून. अख्ख्या घरात तिला कुणी नावानं हाक मारत नाही. वहिनी, काकू, आई, सूनबाई. परदेशातून आलेला फोटोग्राफर तिला नावानं हाक मारतो आणि तिथंच सगळं सुरू होतं. पुढं तिचा फोटो परदेशी मासिकात छापून घरी येतो आणि घर तिला वाळीत टाकतं. ती जीव द्यायला जाते, वाचते. घरचे 'माफ' करायला तयार होतात, डॉक्टर अपराधीपणाबद्दल बोलतात. आणि ती म्हणते, मला अपराधी वाटतच नाही. १९८५ च्या आसपास हे पडद्यावर बोललंय राखीनं, लक्षात घ्या.

त्यात एक झाडाचं रोप आहे. त्याचं नाव तिला सिनेमाभर आठवत नसतं. शेवटी आठवतं, कृष्णपल्लवी. स्वतःचं नाव परत मिळाल्यासारखं ती ते नाव उच्चारते.

रिळवाल्यांनी झारीचा फोटो सांगितला. आता तो फोटो आणि हा सिनेमा शेजारी ठेवून बघा. मासिकात छापलेल्या बाईच्या घरी काय होतं, हे त्या फोटोतल्याच बाईनं लिहिलं. मी साइनबोर्ड रंगवायचो, पुढं सिनेमाची बॅनरं. भागवत थिएटरला नट्यांची वीस-वीस फुटी तोंडं रंगवली. त्या चेहऱ्याला काय वाटत असेल असा विचार एकदाही आला नाही, खोटं कशाला बोलू.

चाटीगल्ली :

त्यातला फोटोग्राफर झालेला मुकुल शर्मा म्हणजे तेव्हाचे अपर्णा सेन यांचे पती, त्यांची नटी मुलगी कोंकणा हिचे वडील. यावेळी मी तपासून लिहितोय.

रिळवाला :

बरोबर. आणि कोंकणा सेन शर्मानं पहिला सिनेमा केला, 'अ डेथ इन द गंज', तो मुकुल शर्मांच्याच कथेवर. तीसुद्धा नटीची दिग्दर्शिका झाली.

विजापूररोड९ :

सगळी आरती चाललीय म्हणून एक कापूर कमी करतो. पुढचे सगळे सिनेमे एवढे सरस नाहीत. 'सोनाटा' (२०१७) घ्या. आपल्या महेश एलकुंचवारांचं नाटक, तीन मध्यमवयीन अविवाहित मैत्रिणी, पडद्यावर अपर्णा सेन, शबाना आझमी आणि लिलेट दुबे. एवढा ऐवज असून पडद्यावर ते नाटकच राहतं. एक फ्लॅट, तीन बायका, ग्लास भरले, ग्लास रिकामे. आणि नटी म्हणून मोठ्या असलेल्या दिग्दर्शकाचा हा धोका असतोच. नटांवर इतका विश्वास की कॅमेऱ्याला काही कामच ठेवत नाही.

आणि मराठीत उदाहरणं नाहीत का, कलकत्त्यापर्यंत कशाला जायचं? स्मिता तळवलकर यांनी दूरदर्शनला बातम्या वाचल्या, कामं केली, निर्मिती केली आणि १९९३ ला 'सवत माझी लाडकी' दिग्दर्शित केला. मृणाल कुलकर्णींचा 'रमा माधव' २०१४ चा. मृण्मयी देशपांडेचा 'मन फकिरा'. आणि रेणुका शहाणे! आईच्या, म्हणजे शांता गोखले यांच्या 'रीटा वेलिणकर' कादंबरीवर 'रीटा' केला २००९ साली. मग स्वतः लिहून 'त्रिभंग'. आजी, आई, मुलगी, तिघींची गाठ. दाजींना रेणुका शहाणे चटकन ओळखू येतील, अपर्णा सेन कोण हे आधी अर्धा तास सांगावं लागेल.

पूर्वभागवाला :

विजापूररोड, रेणुका शहाणेंचं नाव काढल्यावर दाजी खरंच हसले. 'हम आपके हैं कौन' मधली वहिनी ना, म्हणाले. बघा, त्यांनापण नाव आठवत नव्हतं, वहिनीच आठवत होती.

अक्कलकोटरोड_पद्मा :

मी सहसा वाचते फक्त. आज लिहिते.

आमच्या घरात तेलुगू, गल्लीत मराठी, शेजारी कन्नड. 'मिस्टर अँड मिसेस अय्यर' मी आईबरोबर पाहिला. कोंकणा तमिळ ब्राह्मण झालीय, मीनाक्षी अय्यर, कडेवर बाळ. बसमध्ये ओळखीनं सोबतीला दिलेला राजा चौधरी, राहुल बोस. दंगल उसळते, बस अडते. ती त्याच्या बाटलीतलं पाणी पिते आणि नंतर कळतं की राजा म्हणजे जहांगीर, मुसलमान. तिचा चेहरा बघा त्या वेळी. आईनं लगेच ओळखलं, "आपली मोठी काकू असंच करायची." मग दंगेखोर बसमध्ये चढतात आणि हीच मीनाक्षी सांगते, हे माझे मिस्टर, मिस्टर अय्यर. तिच्या तोंडून निघालेल्या आडनावानं माणूस वाचतो.

पण मला रात्रभर झोप लागली नाही ती दुसऱ्या प्रवाशामुळं. म्हाताऱ्या मुसलमान जोडप्याकडं तो बोट दाखवतो. का, तर तो ज्यू असतो, सुंता त्याचीही झालेली, आपल्यावर येईल म्हणून. दुष्ट नाही, घाबरलेला आहे. ते म्हातारे म्हणजे भीष्म साहनी आणि सुरेखा सिक्री. पाच मिनिटं असतील नसतील पडद्यावर.

सांगायचं हे, की कोंकणाची तमिळ इंग्रजी ऐकून आई म्हणाली ही मद्रासचीच असणार. ती चेन्नईला जाऊन राहून बोलणं शिकली होती. स्वतः नटी असलेल्या दिग्दर्शिकेला माहीत असतं की 'अय्यो' म्हटलं म्हणजे झालं नाही. आमच्या पूर्व भागातल्या बायका नाटकात दाखवतात तेव्हा 'एमंडी' (तेलुगूतलं 'अहो') म्हणून हशा घेतात, पुढं काही नाही.

सातरस्ता :

पद्माताई, तुमचं वाचून माझी एक एकांकिका ट्रंकेतून काढली. त्यात अशीच एक 'एमंडी' आहे. परत ठेवली.

रिळवाला :

अहो ठेवू नका, सुधारा!

या सिनेमाला दिग्दर्शन आणि पटकथा असे दोन्ही राष्ट्रीय पुरस्कार बाईंना, कोंकणाला अभिनयाचा. मला पटकथेचा जास्त मोलाचा वाटतो. आणि हेही लक्षात घ्या, १९८६ पासून जवळजवळ वीस वर्षं त्या 'सानंदा' या बंगाली पाक्षिकाच्या संपादक होत्या. बायकांचं पाक्षिक म्हणजे पाककृती आणि विणकाम, असं आपल्याला वाटतं. पण दर पंधरा दिवसांनी टेबलावर वाचकांची पत्रं येणार. 'सती', 'परोमितार एक दिन', 'अय्यर' हे सगळं त्या काळातलं. दिग्दर्शनाच्या शाळेत न गेलेल्या बाईची ही एक शाळाच म्हणायची.

'परोमितार एक दिन'मध्ये त्यांनी स्वतः सासू केलीय, सनका. मुलाचा घटस्फोट झाल्यावरही सासू-सुनेची मैत्री टिकते. सून परत येते ती सासूच्या श्राद्धाला. आपल्या मालिका बघणाऱ्यांना विश्वास बसणार नाही.

पेंटर_भैय्या :

श्राद्धावरून सुरुवात करून मागं जातो ना सिनेमा? ते आवडलं होतं मला.

रिळवाला :

हो, तोच.

जुळे_सोलापूर_जोशी :

एक शंका. एवढ्या चर्चेत मूळ प्रश्न राहिला. अभिनयाचा दिग्दर्शनाला उपयोग काय? मी पाच वर्षं हौशी नाटकं बसवली, हुतात्मा स्मृती मंदिरात प्रयोग केले. माझा अनुभव उलटा आहे. नट दिग्दर्शक झाला की प्रत्येक भूमिका स्वतः करून दाखवतो, मग रंगमंचावर त्याच्या पाच नकला फिरतात.

होटगीरोड_विमला :

जोशीसाहेब, 'करून दाखवणं' वेगळं आणि 'काय दुखतंय हे माहीत असणं' वेगळं.

पूर्वभागवाला :

उत्तर मला काल मिळालं, आणि ते माझं नाही. थोडं सविस्तर सांगतो.

आमची आत्या निवृत्त शिक्षिका, इंग्रजीचीच. जुन्या वाड्यात दुसऱ्या मजल्यावर एकटी राहते. विमलाताईंचा प्रतिसाद वाचून भाची म्हणाली, आत्याआजीकडं जाऊन बघू. दाजींनापण नेलं, शेंगा चटणीचं आमिष दाखवून (नवीपेठ, आभार). मित्राकडून डीव्हीडी आणली होती, ती मध्ये दोनदा अडकली. दाजी पहिल्या अर्ध्या तासात घोरायला लागले, ते ग्रामोफोन आला तेव्हा जागे झाले. व्हायोलेट आपला ग्रामोफोन त्या जोडप्याला लग्नाची भेट म्हणून देते. दाजी एकदम म्हणाले, "देऊ नको गं बाई." मोठ्यानं. मग इकडंतिकडं बघितलं आणि गप्प.

संपल्यावर कुणी काही बोलेना. मला वाटलं आत्या केकबद्दल बोलेल, कुत्र्याबद्दल बोलेल. आत्या म्हणाली, "तिच्या बिल्डिंगची लिफ्ट बंद असते, बघितलंस? प्रत्येक वेळी जिना चढते. पिशवी या हातातून त्या हातात घेते." थोडं थांबून म्हणाली, "ज्या पोरीनं हे लिहिलं ती तेव्हा पस्तिशीची असेल नसेल. हिला मास्तरणीचे गुडघे कसे कळले?"

भाची म्हणाली, "दुसऱ्याचे गुडघे लावून चालायचंच काम करत होती ना वीस वर्षं."

जोशीसाहेब, मला वाटतं हेच उत्तर असावं. दाजी काही बोलले नाहीत. उतरताना मात्र आत्याच्या जिन्याचा कठडा हलवून बघितला आणि म्हणाले, हा सैल झालाय, रविवारी येतो स्क्रू घेऊन.

भाचीनं त्याच रात्री लिहायला घेतलं. पात्रांच्या यादीत चौघी बायका आहेत, चौघींना नावं. वयही लिहिलंय प्रत्येकीचं. नायिका दुसऱ्या मजल्यावर राहणारी निवृत्त शिक्षिका. आज सकाळी आत्याला फोन करून विचारलं, नाव तुझं देऊ का? आत्या म्हणाली, "माझं नको, शेजारपाजारचे बोलतील. जिना मात्र ठेव."

आता प्रश्न एकांकिकेत जिना उभा कसा करायचा. कॉलेजच्या रंगमंचाची उंची कमी आहे.

जुळे_सोलापूर_जोशी :

पूर्ण जिना नको. चार पायऱ्या आणि वळणाचा कठडा ठेवा, बाकी दिव्यांवर करा. पायऱ्या प्लायवूडच्या केल्या तर पावलांचा आवाज पोकळ येतो, सांभाळा.

पेंटर_भैय्या :

प्लायवूड कशाला? आमचा वाडा गेल्या वर्षी पाडला. सागवानी पायऱ्या सात आहेत, मागच्या अंगणात पडून. झिजलेल्या आहेत मध्ये, पण वाजतात छान. फुकट घेऊन जा. टेम्पो तुमचा.